मावळांतील गांवगाडा व महजरांवरील निशाण्या

रोहिडखोरें, हिरडस मावळ, गुंजण मावळ हीं सह्याद्रीच्या पूर्वेकडील खोऱ्यांचीं नांवें शिवकालाच्या अभ्यासकांस परिचित आहेत. परंतु तीं बहुधा देशमुखांच्या व गडांच्या संबंधानें. तेथील सामान्य मनुष्याचा दिवस कसा जाई, हें बखरकार सांगत नाहींत. तें शोधावयाचें तर वतनाच्या तंट्यांचे कागद पाहिले पाहिजेत.

खाचरांत भात आणि डोंगरउतारावर नाचणी व वरी, हें मावळचें पीक. पावसापूर्वीं फांद्या, पालापाचोळा व शेण पसरून राब भाजावयाचा, त्यांत रोप करावयाचें आणि पाऊस लागल्यावर लावणी करावयाची. सुतारानें नांगर घडवावा, लोहारानें फाळ पाजवावा, कुंभारानें मडकीं द्यावीं. याबद्दल सुगीस खळ्यावर त्यांस धान्याचें बलुतें मिळे.

एल्फिन्स्टन यांनीं १८१९ च्या अहवालांत दख्खनचा गांव हें जणूं एक लहानसें राज्यच, असें वर्णिलें. हें वर्णन सर्वांशीं खरें मानतां येत नाहीं. मावळांत मीठ कोंकणांतून घाट चढून बैलांच्या पाठीवरून येई. शिवाय या गाड्याचें ओझें सर्वांवर सारखें नव्हतें. गांवची राखण, सांगावे पोंचविणें, मेलेलीं गुरें ओढणें हीं कामें महारांवर लादलेलीं असून त्यांची वस्ती मात्र गांवाबाहेर. तथापि शिवेचा तंटा पडला म्हणजे त्यांच्याच साक्षीस विशेष वजन असे.

तंट्याच्या निवाड्यास गोत जमे व महजर होई. त्यावर पाटलाची निशाणी नांगर, शेट्याची तराजू. बलुतेदारही आपापल्या धंद्याचें हत्यार काढीत. ज्यांस अक्षरओळख नव्हती, त्यांचा इतिहासांतील हस्ताक्षर तो एवढाच. नक्कल करणारानें मजकूर उतरून निशाण्या गाळल्या, तर देशमुख-कुळकर्णी तेवढे उरतात आणि गांव नाहींसा होतो.

कुळकर्णी वतनें १९५० च्या, महारादि कनिष्ठ वतनें १९५८ च्या व मुलकी पाटीलकी १९६२ च्या कायद्यानें संपुष्टांत आली. तेव्हांपासून हक्क शाबीत करण्यासाठीं हे कागद जपण्याचें घराण्यांस कारण राहिलें नाहीं. म्हणून संग्राहकांस विनंती कीं, महजर हातीं आल्यास शेवटचा बंदही सोडूं नये. निशाण्या जशाच्या तशा, त्याच क्रमानें उतरून घ्याव्या.