चिंगमच्या डोक्यावरचा नारळ

रहस्याच्या कार्टूनचा साचा १३ सप्टेंबर १९६९पासून अमेरिकेत सीबीएस वाहिनीवर रूढ झाला. हॅना-बार्बेरा स्टुडिओच्या ‘स्कूबी-डू’त चार तरुण आणि एक कुत्रा भुताचा माग काढतात, शेवटी मुखवटा ओढला की आत माणूसच निघतो. मुंबईच्या उपनगरात हा साचा उलटा झाला. गोरेगावच्या कॉसमॉस-माया स्टुडिओने २०१२ साली निक वाहिनीसाठी ‘मोटू पतलू’ घडवले. दिग्दर्शक सुहास कडव. इथे जॉन हा गुंड आपला बेत सुरुवातीलाच बोलून दाखवतो. चोर कोण हे घरात बसलेल्या पोराला कळलेले असते, कळत नाही ते इन्स्पेक्टर चिंगमला. हा चिंगम रजनीकांतच्या थाटात बोलतो, दरारा बसवायला हवेत गोळी झाडतो आणि वरून नारळ त्याच्याच टाळक्यात पडतो. भाग बदलतो, नारळ तोच.

हा नारळ पुन्हा पुन्हा पडतो याचे कारण धंद्यात आहे. टीव्हीच्या तुटपुंज्या खर्चात हॅना-बार्बेराला चित्रे मोजकीच काढता येत; म्हणून पात्रांच्या गळ्यात कॉलर किंवा टाय आले, म्हणजे धड तसेच ठेवून फक्त डोके हलवता येई. ‘मोटू पतलू’सारख्या संगणकावर केलेल्या मालिकेत तर एकदा घडवलेले पात्र कितीही भागांत वापरता येते. साचा कामाच्या रेट्यातून जन्मतो, प्रेक्षकांना पाठ होतो आणि मगच त्याचे विडंबन शक्य होते. ‘सीआयडी’ या पोलिसी मालिकेतल्या इन्स्पेक्टर दयाचे दार तोडणे असेच घरोघरी विनोदाचा विषय झाले, पण तिथे हसले प्रेक्षक, मालिका गंभीरच राहिली. ‘मोटू पतलू’ने तपास अधिकाऱ्यालाच विनोदाचे पात्र केले.

यावर कोणी म्हणेल, तेच ते दाखवणे हा आळस आहे. मला तसे वाटत नाही. तमाशाच्या गवळणीत मावशी कृष्णाशी हुज्जत घालणार हे सगळ्यांना ठाऊक असते, तरी तिची वाट पाहिली जाते. दुसरा आक्षेप मात्र खरा आहे: रहस्यच काढून घेतले की पोराला शोधायला काही उरत नाही. भुताच्या मुखवट्यामागे माणूस असतो, हा ‘स्कूबी-डू’चा धडा, जादूटोणाविरोधी कायदा करणाऱ्या महाराष्ट्राला परका नाही. भा. रा. भागवतांच्या गोष्टींतला फास्टर फेणे हा पोरगाही कोणी सांगायची वाट न पाहता स्वतःच शोधाला निघतो. उपनगरातल्या स्टुडिओंनी चिंगमचा नारळ खुशाल ठेवावा, पण मुखवटा ओढण्याचे काम पोरांकडे परत द्यावे.