सोन्याच्या मुखाचा वक्ता आणि त्याचे श्रोते

वसंत व्याख्यानमालेच्या व्यासपीठावर कामगार चळवळीतल्या माणसाने चौथ्या शतकातील एका ख्रिस्ती धर्मोपदेशकावर बोलावे, याचे कित्येकांस नवल वाटेल. आम्ही ना ख्रिस्ती, ना ग्रीक भाषेचे जाणकार. जे काही वाचले ते इंग्रजी भाषांतरांतून, युनियनच्या कचेरीत रात्री बसून. परंतु ज्याचा जन्म भाषणे करण्यात गेला त्याने भाषणांचा इतिहास वाचावयाचा नाही, तर कोणी वाचावयाचा?

जॉन क्रिसोस्टमचा जन्म इ. स. 350 च्या सुमारास अँटिओक येथे झाला. तेव्हा हे रोमन साम्राज्याच्या पूर्व भागातील मोठे शहर होते. आज ते तुर्कस्तानात अंताक्या या नावाने आहे, आणि 2023 च्या भूकंपात त्याची भयंकर पडझड झाली. वडील सैन्यातील अधिकारी होते, ते लवकर वारले. विसाव्या वर्षी विधवा झालेल्या आईने मुलास वाढविले. लिबानियस या नामांकित गुरूकडे तो वक्तृत्व शिकला, काही वर्षे डोंगरात तपश्चर्या करून प्रकृती ढासळल्यावर परतला, आणि 386 मध्ये धर्मगुरू झाला. पुढील वर्षी नव्या करामुळे शहरात दंगा उसळला, लोकांनी बादशहाचे पुतळे पाडले, आणि आता सारे शहर बेचिराख होणार या धास्तीत असलेल्या लोकांना त्याने प्रवचनामागून प्रवचने देऊन धीर दिला. 398 मध्ये तो राजधानी कॉन्स्टँटिनोपलचा बिशप झाला. दरबाराशी त्याचे पटले नाही. 404 मध्ये त्यास हद्दपार केले, आणि 407 मध्ये सैनिकांच्या पहाऱ्यात आणखी दूर नेले जात असता वाटेतच तो वारला. 'क्रिसोस्टम' म्हणजे सोन्याच्या मुखाचा. हे नाव मागाहून पडले.

आम्हांस तो प्रथम भेटला तो एका उताऱ्यात. जमीनदार मजुरांना गाढवाखेचरांसारखे राबवितात, जमीन पिको वा न पिको वसुली सोडीत नाहीत, आणि मजुराच्या घामाने द्राक्षकुंड भरले तरी त्यास त्यातले काही घरी नेऊ देत नाहीत, असे तो मत्तयाच्या शुभवर्तमानावरील प्रवचनात सांगतो. दुसऱ्या एका प्रवचनात तर त्याने राजधानीचा हिशेबच मांडला आहे. शहरात ख्रिस्ती सुमारे एक लाख, गरीब फार तर पन्नास हजार. सर्वांनी आपले धन एकत्र केले तर उपाशी कोण राहील? वेगवेगळ्या चुली पेटविण्यापेक्षा एका पंगतीत जेवणे स्वस्त पडते, हे तो मठांचा दाखला देऊन पटवितो. खानावळीचे अर्थशास्त्र ज्यास ठाऊक आहे त्यास हे निराळे सांगावयास नको. आम्ही त्यास आपला माणूस समजून बसलो.

मग आम्ही शोधकांचे ग्रंथ वाचू लागलो, आणि आमची ही समजूत डळमळली.

पहिला प्रश्न असा की, ही भाषणे मुळात कोठली? त्याची नऊशेंच्या आसपास प्रवचने उरली आहेत, आणि त्याच्या नावावर खपविलेली खोटी त्याहूनही अधिक. 1955 मध्ये आंत्वान वेंजर या फ्रेंच पंडितास आथोस पर्वतावरील एका मठात बाप्तिस्म्यावरील आठ प्रवचने सापडली. प्रवचनात डोंगरातील तपस्व्यांचा उल्लेख आला की ते अँटिओकचे, असे जुने पंडित ठरवीत. वेंडी मेयर या विदुषीने 2005 च्या ग्रंथात ही कसोटी किती कच्ची आहे ते दाखविले. एका मालिकेतील सारी प्रवचने एकाच शहरातील असतील असेही धरून चालता येत नाही. शिवाय सॉक्रेटिस नावाचा पाचव्या शतकातील इतिहासकार सांगतो की, काही प्रवचने त्याने स्वतः प्रसिद्ध केली, तर काही लघुलेखकांनी तो बोलत असता टिपून घेतली. आमची भाषणे वृत्तपत्रांत कशी छापून येतात ते आम्हांस माहीत आहे. टिपणाऱ्याच्या हातून वक्ता थोडा बदलतोच.

दुसरा प्रश्न आमच्या जिव्हाळ्याचा. समोर बसत होते कोण? रॅमसे मॅकम्युलन यांनी 1989 मध्ये मत मांडले की श्रोते बहुतांशी सुखवस्तू होते. 2006 मध्ये जॅकलिन मॅक्सवेल यांनी उलट बाजू मांडली: कारागीर व कष्टकरीही तेथे होते. पुरावा प्रवचनांतच आहे. टाळ्या वाजविणाऱ्यांना तो रागावतो. गर्दीतल्या खिसेकापूंविषयी सावध करतो. एकदा दिवे लावणारा नोकर आला, सर्वांच्या माना तिकडे वळल्या, आणि त्याने बोलणे थांबवून त्यांना तेथल्या तेथे खडसावले. हे वाचताना आम्हांस द्वारसभेत भोंगा होताच चुळबुळणारी पाळी आठवली.

जुने पंडित म्हणत की हा नीतीचा उपदेशक. तत्त्वचिंतन त्याचे नव्हे. डेव्हिड रायलार्सडॅम यांनी 2014 मध्ये हे मत खोडून काढले. देव माणसाच्या कुवतीइतका खाली उतरून बोलतो, बाप बोबड्या लेकराशी बोलतो तसा, ही त्याच्या धर्मविचाराची मध्यवर्ती कल्पना आहे. म्हणून प्रवचनकारानेही श्रोत्यास झेपेल तसे बोलावे. त्याचे वक्तृत्व हाच त्याचा धर्मविचार होता.

पण श्रोत्यास रुचेल त्या भाषेत बोलण्याची दुसरी बाजूही आहे. गुलामांना धंदा शिकवून मुक्त करा, असे तो एके ठिकाणी सांगतो. तरी ख्रिस डी वेट यांनी 2015 मध्ये दाखविले की धनी व गुलाम ही व्यवस्था त्याने मुळातून कधी नाकारली नाही. आणि 386-387 मधील ती आठ प्रवचने! अँटिओकचे काही ख्रिस्ती लोक ज्यूंच्या सणांना व उपवासांना जात. त्यांना आवरण्यासाठी याने ज्यूंवर अशी घाण ओकली की वाचवत नाही. रॉबर्ट विल्कन यांनी 1983 च्या ग्रंथात समजावून दिले आहे की, निंदेची ही रीत त्या काळच्या वक्तृत्वशाळांत शिकविली जाई, आणि रोख आपल्याच कळपातून बाहेर जाणाऱ्यांवर होता. हे खरे असेल. परंतु पुढील शतकांतील ज्यूद्वेष्ट्यांनी शब्द उचलले. त्या शब्दांमागचे कारण कोणी उचलले नाही.

येथे आम्हांस स्वतःविषयी बोलणे भाग आहे. एका संपाच्या वेळी द्वारसभेत आम्ही परगावाहून आणलेल्या कंत्राटी कामगारांविषयी फार वाईट बोललो. हेतू इतकाच की आपली माणसे फुटू नयेत. टाळ्या पडल्या. त्या रात्री त्या कामगारांच्या खोल्यांवर दगड पडले. दगड मारणाऱ्यांच्या तोंडी आमचेच शब्द होते. आम्ही तसे करावयास सांगितले नव्हते, ही सबब आम्ही पुष्कळ दिवस सांगत होतो.

1999 मध्ये लेस्बोस बेटावरील एका हस्तलिखितात त्या आठांपैकी दुसऱ्या प्रवचनाचा हरवलेला मोठा भाग सापडला. तो झाकून न ठेवता पंडितांनी 2001 मध्ये छापला, ही गोष्ट आम्हांस फार मोलाची वाटते.

आता अभ्यासवर्गात आम्ही जमीनदारांवरील उतारा वाचतो, आणि त्याच बैठकीत त्या आठांतलाही एक वाचतो. एका तरुण कामगाराने विचारले, "भाऊ, मग हा माणूस आपला की परका?" आम्ही म्हणालो, "त्याने समोरच्या गरिबाला काय दिले ते लिहून घे. समोर नसलेल्याचे काय केले तेही लिहून घे. आणि उद्या गेटवर तू बोलणार आहेस, तेव्हा तो कागद खिशात असू दे."