हद्दीवरचा रस्ता

चाळीसगाव ते दौलताबाद हा रस्ता मी एसटीच्या खिडकीतून कितीदा तरी पाहिलाय. चाळीसगाव सुटलं की औट्रम घाट. घाट चढला की कन्नड, मग वेरूळ, खुलताबाद, दौलताबाद. आज हा राष्ट्रीय महामार्ग ५२ आहे. पण १९४८ पर्यंत या एका रस्त्यावर दोन राज्यं होती. घाटाखाली इंग्रजांचा खानदेश, वर निजामाचं हैदराबाद संस्थान.

शाळेच्या इतिहासात या हद्दीवरच्या राजांची नावं असतात. आपल्या माणसाला या हद्दीच्या दोन्ही बाजूंना काय मिळालं, ते नसतं. म्हणून हे लिहितोय.

आधी इंग्रजी बाजू. १९२९ साली बाबासाहेब सरकारी चौकशी समितीचे सभासद म्हणून खानदेशात आले होते. परतताना चाळीसगावला उतरले. महारवाडा स्टेशनापासून दोनेक मैल. पाहुण्याला पायी नेणं आपल्या लोकांना बरं वाटेना. पण टांगेवाले महाराला बसवून टांगा हाकायला तयार नाहीत. शेवटी टांगा भाड्यानं घेतला आणि हाकायला आपलाच एक माणूस बसला. त्याला सवय नव्हती. नदीवरच्या मोरीवर चाक अडकलं, बाबासाहेब दगडांवर फेकले गेले, पाय मोडला. बॅरिस्टर झाला तरी टांगेवाल्याच्या लेखी महार तो महारच.

आता निजामी बाजू. १९३४ साली बाबासाहेब तीसेक कार्यकर्त्यांसह वेरूळ बघायला निघाले. वाटेत दौलताबादचा किल्ला. दारातल्या हौदावर मंडळींनी प्रवासाची धूळ धुतली. दिवस रमजानचे. हौद बाटवला म्हणून आरडाओरड झाली, गर्दी अंगावर आली. पुढं आत सोडलं ते हत्यारबंद शिपाई सोबत देऊन. कशासाठी? तर यांनी आत कुठं पाण्याला हात लावू नये!

राज्य बदललं, राजाचा धर्म बदलला, विटाळ तोच. दोन्ही प्रसंग बाबासाहेबांनी स्वतः लिहून ठेवलेत. ते लिखाण पुस्तिका म्हणून छापलं गेलं १९९० साली. नाव ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’. व्हिसा म्हणजे परक्या मुलखात शिरायचा परवाना. आपण तो आपल्याच मुलखात मागत होतो.

पण मित्रहो, रडगाणं इथंच थांबवू. कन्नडला लागून शिवना नदी आहे आणि नदीकाठी मकरणपूर. ३० डिसेंबर १९३८ ला भाऊसाहेब मोरे यांनी तिथं परिषद भरवली, बाबासाहेब आले. मराठवाड्यातली आपली माणसं सांगत आलीत की निजामाच्या राज्यात बाबासाहेबांच्या भाषणाला बंदी होती आणि मकरणपूर इंग्रजी हद्दीत पडत होतं, म्हणून जागा ती निवडली. लोक नदी ओलांडून आले. ‘जय भीम’ ही घोषणा तिथूनच गाजली असं ते सांगतात. नागपूरकडचे लोक तो मान कामठीच्या बाबू हरदासांना देतात. हा वाद मी इथं सोडवत नाही. मला एवढंच दिसतं की राजेलोकांनी त्यांच्या सोयीसाठी आखलेली रेघ आपल्या लोकांनी आपल्या सोयीसाठी वापरली.

१९४८ च्या सप्टेंबरात संस्थान गेलं. १९५० साली बाबासाहेबांनी औरंगाबादला कॉलेज काढलं, तेच पुढं मिलिंद. ज्या मुलखात हौदाला हात लावू दिला नाही, तिथं आपली पोरं वह्या घेऊन शिकायला आली. १९५६ साली मराठवाडा मुंबई राज्यात आला आणि हद्द नकाशातूनही पुसली. पण जुलै १९७८ मध्ये विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव द्यायचा ठराव झाला आणि मराठवाड्यात आपल्या वस्त्या जळाल्या. नाव लागलं १४ जानेवारी १९९४ ला, तेही नामविस्तार म्हणून. सोळा वर्षं! नाका उठला म्हणून रस्ता मोकळा झाला असं कुणी समजू नये.

मकरणपूरला पायी आलेली माणसं आता जवळजवळ संपली. त्यांची मुलं-सुना आहेत, त्यांनी ऐकलेलं आहे. कोण कुठल्या गावाहून आलं, भाकरी कुणी बांधून दिली, नदी कुठं ओलांडली, हे सरकारी दप्तरात सापडणार नाही. आपापल्या वस्तीत जा, विचारा, तारीखवार लिहून काढा. तोंडातलं कागदावर आलं नाही, तर उद्या हा रस्ताही त्यांच्याच इतिहासात जाईल.

जय भीम.