वनपट्ट्याची कुळकथा

वनपट्टा हा दिसायला साधा सरकारी कागद आहे. त्यावर जमीन कसणाऱ्याचं नाव, जोडीदाराचं नाव, आईवडिलांची नावं, गाव, ग्रामपंचायत, तालुका, क्षेत्र आणि चतुःसीमा लिहिलेल्या असतात. खाली वनखातं, आदिवासी विकास विभाग आणि जिल्हाधिकारी अशा तीन अधिकाऱ्यांच्या सह्या. त्यात एक अटही असते: हा हक्क वारसांना मिळेल, पण ही जमीन विकता येणार नाही आणि दुसऱ्याच्या नावे करताही येणार नाही. या कागदासाठी सुरगाण्याची माणसं मार्च २०१८ मध्ये नाशिकहून मुंबईपर्यंत चालत गेली. ती का चालली हे समजायचं, तर कागदाच्या आधी तिथे कशी शेती होती तिथून सुरुवात करावी लागते.

सुरगाणा तालुका सह्याद्रीच्या पश्चिम उतारावर, गुजरातच्या हद्दीला लागून आहे. नार आणि पार या नद्या इथलं पाणी अरबी समुद्राकडे नेतात. पाऊस भरपूर, पण जमीन उताराची आणि माती पातळ. अशा जमिनीवर कोकणा, महादेव कोळी, वारली, भिल्ल या समाजांनी नागली, वरई, उडीद, खुरासणी आणि खाचरातल्या भाताची शेती उभी केली. तिचा आधार म्हणजे राब. उन्हाळ्यात रोपांच्या जागेवर शेण, छाटलेल्या डहाळ्या, पालापाचोळा आणि गवत यांचे थर रचायचे, वर थोडी माती टाकायची आणि ते सावकाश जळू द्यायचं. त्या उष्णतेने तणाचं बी मरतं, राखेतून पालाश मिळतो आणि पावसाच्या तोंडावर टाकलेलं नागलीचं बी दाट उगवतं. रोपं हाताशी आली की आवणी. उतारावर पहिल्या वर्षी नागली, मग वरई, मग खुरासणी, आणि त्यानंतर काही वर्षं जमीन पडीक. तोवर दुसरा तुकडा कसायचा.

या शेतीला हद्द होती. नाला, मोहाचं झाड, देवाचा दगड यांवरून कुणाचा तुकडा कुठवर हे गावाला ठाऊक असायचं. पडीक टाकलेला तुकडाही कुणाचा तरी असायचा आणि जमीन पुन्हा सकस झाली की तेच घर तिथे परत नांगर धरायचं. सरकारी नजरेला हे दिसलं नाही. पडीक म्हणजे बेवारस, आणि बेवारस म्हणजे सरकारची, या समजुतीतून पुढचं सगळं दुखणं सुरू झालं.

तुलनेला अमेरिका घेऊ: जमिनीच्या कागदाची फार मोठी वाटणी एकोणिसाव्या शतकात तिथे चालली होती. तिथे १७८५च्या कायद्याने पश्चिमेकडचा प्रदेश आधी नकाशावर चौकोनांत आखला गेला. सहा मैल लांब, सहा मैल रुंद असा एक चौकोन, त्याचे ३६ भाग, प्रत्येक भाग ६४० एकरांचा. त्याचा चौथा हिस्सा म्हणजे १६० एकर. २० मे १८६२ रोजी अब्राहम लिंकन यांनी होमस्टेड कायद्यावर सही केली आणि हाच चौथा हिस्सा एका कुटुंबाची शेती ठरला. एकवीस वर्षं पूर्ण झालेली किंवा कुटुंबप्रमुख असलेली व्यक्ती जेमतेम १८ डॉलर शुल्क भरून दावा लावू शके. पाच वर्षं तिथे राहायचं, घर बांधायचं, जमीन लागवडीखाली आणायची, दोन साक्षीदार उभे करायचे, की मालकीचा कागद हातात. १ जानेवारी १८६३ रोजी कायदा लागू झाला, त्याच दिवशी डॅनियल फ्रीमन यांनी नेब्रास्कातल्या जमिनीसाठी दावा नोंदवला. पुढे या कायद्याखाली सुमारे १६ लाख दावे मंजूर झाले आणि सुमारे २७ कोटी एकर, म्हणजे त्या देशाच्या जमिनीचा जवळपास दहावा हिस्सा, वाटली गेली.

शेतीच्या रीतीत हे वसाहतकार सुरगाण्यापासून फार लांब नव्हते. पूर्वेकडच्या जंगलात शिरलेली कुटुंबं झाडांच्या सालीला गोल खाच पाडून ती जागच्या जागी वाळवत, बुंध्यांच्या मधल्या जागेत मका लावत आणि लाकडाच्या राखेपासून पोटॅश तयार करून विकत. नेब्रास्कात लाकूड फारसं नव्हतं, तिथे त्यांनी गवताच्या मुळांसकट कापलेल्या ढेकळांची घरं बांधली. कष्ट खरे होते. दुष्काळ, टोळधाड आणि कर्ज यांनी कित्येकांना पाच वर्षं पुरी होण्याआधीच जमीन सोडायला लावली. पण जंगल तोडून शेत करणाऱ्या त्या माणसाला त्याच्या सरकारने गुन्हेगार म्हटलं नाही. त्याला नागरिक म्हटलं आणि कागद दिला.

ती जमीन रिकामी मात्र नव्हती. फ्रीमन यांचं शेत ज्या भागात होतं, तो ओटो-मिझुरिया लोकांचा मुलूख होता. त्यांच्या जमिनी करारांनी आणि सक्तीने आकुंचत गेल्या, आणि मग त्या नकाशावर चौकोन आखले गेले. अमेरिकेत कागद मिळाला तो नव्याने आलेल्यांना, आणि आधीपासून राहणाऱ्यांच्या जमिनीवर.

हिंदुस्थानात त्याच दशकांत कायदा आला तो जंगल ताब्यात घेण्यासाठी. रेल्वेच्या रुळांखाली लाकूड हवं होतं. १८६५ मध्ये पहिला वन कायदा झाला, १८७८ मध्ये दुसरा आणि जास्त कडक. त्यात राखीव जंगलाची रीत ठरवली गेली. सरकार जाहीरनामा काढणार, निदान तीन महिन्यांची मुदत देणार, आणि त्या मुदतीत दावा केला नाही तर हक्क संपणार. लिहिता-वाचता न येणाऱ्या, पिढ्यान्‌पिढ्या डोंगरावर राहणाऱ्या माणसांवर ही अट लादली गेली. १८८३ मध्ये जोतीराव फुले यांनी ‘शेतकऱ्याचा असूड’ मध्ये वनखात्यावर कोरडे ओढले, कारण गावाची गायरानं आणि डोंगर खात्याने गिळल्यामुळे गरीब शेतकऱ्याच्या गुरांना चरायला जागा उरली नव्हती. ठाणे-कुलाब्याकडे राबावरच्या बंधनांवरून इतका असंतोष झाला की सरकारला त्यासाठी आयोग नेमावा लागला.

सुरगाण्याला हे थोडं उशिरा भोगावं लागलं. शेजारचं पेठ १८७८ मध्ये ब्रिटिशांकडे गेलं, सुरगाणा मात्र देशमुखांचं संस्थान म्हणून टिकलं. १९४८ मध्ये ते मुंबई प्रांतात विलीन झालं आणि इथल्या डोंगरांवरही वनखात्याचा कायदा आला. स्वातंत्र्य मिळालं, पण कायदा १९२७चाच, म्हणजे १८७८च्या कायद्याचा वारस.

मधल्या काळात राज्याने कधी हात पुढे केला, कधी मागे घेतला. युद्धकाळातल्या अन्नटंचाईत ‘अधिक धान्य पिकवा’ मोहीम निघाली आणि महाराष्ट्रातल्या आदिवासी भागांत वनजमिनीचे तुकडे एकेका वर्षाच्या बोलीवर कसायला दिले गेले. लोक त्यांना एकसाली प्लॉट म्हणत. वर्ष संपलं की कागद संपे, शेत मात्र तिथेच असे. राज्य सरकारने मग ३१ मार्च १९७८ पर्यंतची वनजमिनीवरची शेती नियमित करायचं ठरवलं, पण काम पुरं होण्याआधीच १९८०चा वनसंवर्धन कायदा आला आणि अशा प्रत्येक निर्णयाला केंद्राची परवानगी लागू लागली. प्रकरणं अडकली. पुढे ३ मे २००२ रोजी केंद्राच्या पर्यावरण मंत्रालयाने राज्यांना पत्र पाठवलं: नियमित होऊ न शकणारी सगळी अतिक्रमणं ३० सप्टेंबरपर्यंत काढा. देशभर आदिवासींच्या झोपड्या पाडल्या गेल्या, उभी पिकं तुडवली गेली. त्या संतापातून वनहक्काची मागणी देशपातळीवर उभी राहिली.

डिसेंबर २००६ मध्ये संसदेने वनहक्क कायदा संमत केला आणि त्याचे नियम जानेवारी २००८ पासून लागू झाले. आदिवासींवर ऐतिहासिक अन्याय झाला हे या कायद्याच्या प्रस्तावनेतच मान्य केलेलं आहे. वनपट्टा जन्मला तो इथे. १३ डिसेंबर २००५ पूर्वीपासून जो आदिवासी वनजमीन कसतो, त्याला प्रत्यक्ष कसत असलेल्या, पण जास्तीत जास्त चार हेक्टर जमिनीवर हक्क. दावा ऐकणार गावाची ग्रामसभा आणि तिने निवडलेली वनहक्क समिती. त्यानंतर उपविभाग, त्यानंतर जिल्हा.

पुराव्यांची यादी या कायद्याचा सर्वात सुंदर भाग आहे. सरकारी दफ्तर, नकाशे, न्यायालयाचे आदेश तर चालतातच. शिवाय शेताचे बांध, सपाट केलेली जमीन, जुनी विहीर, दफनभूमी, देवाचं ठाणं, वंशावळ आणि गावातल्या वडीलधाऱ्यांचा जबाबही चालतो. वनखात्याने आजोबांना दंड केल्याची पावती घरात असेल तर तीसुद्धा कामी येते, कारण ज्या वर्षी दंड झाला त्या वर्षी आजोबा तिथे शेती करत होते हे तिच्यावरून सिद्ध होतं. ज्या कागदांनी माणसाला चोर ठरवलं होतं, तेच त्याच्या हक्काचे साक्षीदार झाले. घराण्याची कहाणी कायद्याने पुरावा म्हणून स्वीकारावी, ही आपल्या देशात लहान गोष्ट नाही.

पट्ट्यावरची न विकण्याची अट काहींना जाचक वाटते. तिचं मोल पुन्हा अमेरिकेकडे पाहिलं की कळतं. तिथे १८८७च्या डॉज कायद्याने मूळनिवासी जमातींची सामाईक जमीन फोडून कुटुंबागणिक वाटून दिली आणि उरलेली बाहेरच्यांना खुली केली. वाटून दिलेली जमीनही काही वर्षांनी विकता येऊ लागली. कर्ज, कर आणि फसवणूक यांनी पुढचं काम केलं. १८८७ मध्ये या जमातींकडे सुमारे १३.८ कोटी एकर जमीन होती, १९३४ मध्ये ती सुमारे ४.८ कोटी एकर उरली. आपल्याकडेही सावकारांनी आदिवासींच्या जमिनी अशाच गिळल्या, म्हणूनच महाराष्ट्राने १९७४ मध्ये त्यांच्या हस्तांतराला कायद्याने लगाम घातला. विक्रीला बंदी हे वनपट्ट्याचं कवच आहे. आणि पतीपत्नी दोघांच्या नावे पट्टा, ही तर होमस्टेड कायद्यालाही न सुचलेली गोष्ट. तिथे अविवाहित किंवा विधवा बाई दावा करू शके, पण नवऱ्याच्या घरी नांदणाऱ्या, त्याच्याइतकंच राबणाऱ्या बाईचं नाव सहसा कागदावर येत नसे.

कायदा झाला तरी पट्टे लवकर हाती आले नाहीत. दावे फेटाळले गेले, पडून राहिले, किंवा कसलेल्या जमिनीपेक्षा कमी क्षेत्र मोजून मंजूर झाले. म्हणून ६ मार्च २०१८ रोजी किसान सभेचा मोर्चा नाशिकहून निघाला. त्यात सुरगाणा, पेठ, दिंडोरी, कळवण भागातले हजारो आदिवासी होते, आणि सुरगाण्याचे जीवा पांडू गावित पुढे होते. अनेकांचे पाय रक्ताळले होते. दहावीच्या परीक्षेला जाणाऱ्या मुलांना त्रास नको म्हणून शेवटचा टप्पा त्यांनी रात्रीच चालून काढला आणि १२ मार्चला पहाटे आझाद मैदान गाठलं. त्या दिवशी सरकारने सहा महिन्यांत दावे निकाली काढण्याचं लेखी आश्वासन दिलं. २०१९ आणि २०२३ मध्ये त्यांना पुन्हा चालावं लागलं.

आज दोन कामं बाकी आहेत. पहिलं काम सातबाऱ्याचं. पट्टेधारकाचं नाव इतर हक्कांत ढकललं जातं. ते कब्जेदार म्हणून लागलं तर पीककर्ज, विमा, विहीर यांच्या वाटा मोकळ्या होतील. तालुक्यातल्या बोरगावकडच्या ज्या शेतकऱ्यांनी उतारावर स्ट्रॉबेरी पिकवून दाखवली, त्यांच्यासारखं धाडस करायला भांडवल लागतं आणि बँक सातबारा पाहते. दुसरं काम सामूहिक हक्काचं. राबाला डहाळ्या लागतात, गुराला चारा लागतो, घराला मोह आणि हिरडा लागतो. जंगलावाचून डोंगरावरचं शेत उभं राहत नाही. गडचिरोलीतल्या मेंढा-लेखाला २००९ मध्ये सामूहिक वनहक्क मिळाला आणि ग्रामसभा जंगल नीट सांभाळू शकते हे त्या गावाने दाखवून दिलं. सुरगाण्याच्या प्रत्येक पाड्याला तसा हक्क मिळायला हवा.

अमेरिकेतल्या वसाहतकाराने दावा लावला तेव्हा त्याचं शेत अजून व्हायचं होतं. सुरगाण्याच्या शेतकऱ्याचं शेत पिढ्यांपूर्वीच झालेलं आहे, कागद तेवढा उशिरा आला. त्यामुळे वनपट्ट्याला सरकारचं दान म्हणणं चूक आहे. ते राज्यावरचं देणं आहे, आणि देणं पुरतं फेडायचं असतं: कसलेली सगळी जमीन मोजून, सातबाऱ्यावर नाव लावून आणि जंगलाचा कारभार गावाच्या हाती देऊन.