सातबाऱ्यातला ए.कु.मॅ.

मागच्या शनिवारी सकाळी बाबांचा फोन. "कालव्याला आपली जमीन जातेय, नोटीस आलीय. पैसे मिळायच्या आधी आत्याची सही घेऊन टाकू, तू चल बरोबर." सही कसली, तर हक्कसोडपत्रावर. मी हो म्हणालो खरा, पण मग सगळा रविवार आमची जुनी कागदं आणि कायदे वाचण्यात गेला.

आमच्या सातबाऱ्यावर थोरल्या आजोबांचं नाव आहे आणि पुढे अक्षरं आहेत: ए.कु.मॅ. लहानपणी मला ती त्यांची डिग्री वाटायची! अर्थ आहे एकत्र कुटुंब मॅनेजर. 1972 च्या दुष्काळात गावात पाझर तलाव झाला, त्यात आमचं एक शेत गेलं. मोबदला सातबाऱ्यावरच्या नावाने आला, थोरल्या आजोबांनी घेतला आणि स्वतःच्या वाट्याच्या रानात विहीर पाडली. माझे आजोबा थोरल्या भावापुढे कधी बोलले नाहीत. दोन्ही घरांचं एकमेकांच्या लग्नाला जाणं मात्र तेव्हापासून बंद आहे.

आता यात चूक कोणाची? मला विचाराल तर सुरुवात डेटाबेसच्या डिझाइनपासून होते. 1830 च्या दशकात इंग्रजांनी इंदापूरपासून जमिनीची नवी मोजणी सुरू केली. सरकारचा मुख्य प्रश्न होता, सारा कोणाकडून घ्यायचा? त्याला एक नाव पुरे. हक्कनोंदणीचा कायदा मुंबई इलाख्यात 1903 साली आला, तरी एकत्र कुटुंबातल्या एकाचंच नाव लावायची सवय राहिली. सारा भरायचा आहे तोवर हे चालतं. पण जमिनीचे पैसे झाले की तोच कॉलम मालकी सांगायला वापरला जातो. जमीन सामायिक कसता येते, चेक एकाच्याच नावाने निघतो.

गंमत म्हणजे कायदा करणाऱ्यांना हे ठाऊक होतं. 1894 च्या भूसंपादन कायद्यात कलम 30 होतं: हिश्श्यांवरून वाद असेल तर अधिकाऱ्याने तो कोर्टाकडे पाठवावा. कलम 31 प्रमाणे तोवर रक्कम कोर्टात जमा. त्याच कलमात आणखी एक वाक्य होतं: पैसे कोणीही उचलले, तरी खऱ्या हक्कदाराला ते देण्याची जबाबदारी त्याच्यावर राहतेच. 2013 चा नवा कायदा 1 जानेवारी 2014 ला लागू झाला. त्यात कोर्टाच्या जागी प्राधिकरण आलं, ते वाक्य मात्र तसंच राहिलं. थोडक्यात, सरकारने चेक दिला म्हणून पैसे तुमचे होत नाहीत.

वेळ गेला की गुंता वाढतो. नवी मुंबईसाठी 1970 पासून ठाणे, पनवेल, उरणच्या 95 गावांची जमीन घेतली गेली. जानेवारी 1984 च्या आंदोलनात पाच जण गोळीबारात गेले, आणि 1990 मध्ये साडेबारा टक्के योजना आली. तोवर कित्येक मूळ खातेदार वारले होते. मग भूखंड कोणाचा, हा प्रश्न वारसांमध्ये आला.

आणि वारस म्हणजे फक्त मुलगे नव्हेत. महाराष्ट्राने 1994 मध्ये मुलींना एकत्र कुटुंबात जन्मतः हक्क दिला, पण आधी लग्न झालेल्यांना वगळून. 9 सप्टेंबर 2005 पासून केंद्राच्या दुरुस्तीने ती अटही गेली. वडील त्या तारखेला हयात नसले तरी मुलीचा हक्क राहतो, हे सर्वोच्च न्यायालयाने 11 ऑगस्ट 2020 ला स्पष्ट केलं. आमचे आजोबा 1998 मध्येच गेले. जमिनीची वाटणी अजून झालेली नाही. म्हणजे आत्याचा हिस्सा बाबांइतकाच.

पन्नास वर्षं आमच्या घरात एकच वाक्य ऐकतोय: "थोरल्यांनी आपला वाटा खाल्ला." आणि आता आम्ही आत्याला नोटिशीबद्दल काही न सांगता सही घ्यायला निघालो होतो.

आत्याने सगळं समजून सोडलं, तर तो तिचा निर्णय. तिला आकडा तरी कळायला हवा.

काल बाबांना फोन केला. म्हटलं, येतो, पण सही घ्यायला नाही, आत्याला नोटीस दाखवायला. बराच वेळ ते काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "तिला आधी फोन करून ठेव, दुपारी झोपते ती."

शनिवारी निघतोय.