दादा कोंडकेंची नाडी आठवते, ढोलकी विसरलो

परवा गावात यात्रा कमिटीची बैठक झाली. बातमी मिळेल म्हणून गेलो होतो. विषय एकच, यंदा रात्रीचा कार्यक्रम काय ठेवायचा? तमाशा की डीजेवरचा डान्स शो? दहा मिनिटांत निकाल लागला. डीजे. एका ज्येष्ठांनी हळूच विचारलं, "अरे, पण सोंगाड्या?" त्यावर एक पोरगा हसून म्हणाला, "आबा, विनोद आता मोबाईलवर मिळतात की!"

सगळे हसले. मीही हसलो, खोटं कशाला सांगू. पण घरी येताना डोक्यात दादा कोंडके फिरत होते. म्हणून ही पोस्ट. जरा लांबली आहे, पण वाचा.

दादा म्हटलं की तुमच्या डोळ्यांसमोर काय येतं? ढगळ हाफ चड्डी, लोंबणारी नाडी, दुहेरी अर्थाची गाणी आणि सेन्सॉरशी भांडणं. आमच्या पिढीनं त्यांना तंबूतल्या टॉकीजमध्ये पाहिलं, आईवडिलांची नजर चुकवून. पण तो पडद्यावरचा दादा घडला होता रंगमंचावर, ढोलकीच्या शेजारी. ती अर्धी गोष्ट आपण सोडूनच देतो.

खरं नाव कृष्णा कोंडके. जन्म ८ ऑगस्ट १९३२, मुंबईत नायगावच्या चाळीत. मूळ गाव भोरकडचं इंगवली. घरचे लोक गिरणीत कामाला. पोराला नोकरी लागली अपना बाजारमध्ये, किराणा मालाच्या दुकानात. आणि करमणुकीच्या धंद्यातली त्यांची पहिली पायरी होती बँड. म्हणजे नटाच्या आधी ते बँडवाले.

हे वाक्य पटकन वाचून पुढे जाऊ नका. बँडमध्ये राहिलेल्या माणसाला एक गोष्ट अंगवळणी पडते, ठोका कधी येणार ती. वरातीत पाय कधी उचलतात, थांबल्यावर लोक कधी ओरडतात, परत सुरू केल्यावर कधी उसळतात, हे त्याला कुणी शिकवावं लागत नाही. दादांच्या पुढच्या सगळ्या विनोदाचं भांडवल मला तरी हेच वाटतं.

ते वाढले ती वस्तीही तशीच. गिरणगावात शाहिरी होती, भजनी मंडळं होती. अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकरांचं लाल बावटा कलापथक याच कामगार वस्त्यांत गाजलं. दादा गेले सेवा दलाच्या कलापथकात. तिकडे पुण्यात निळू फुले आणि राम नगरकर हेही सेवा दलाच्याच कलापथकात तयार होत होते. चळवळीचं काम लोकांपर्यंत न्यायचं तर भाषणापेक्षा वग बरा, हे त्या काळच्या कार्यकर्त्यांना कळलं होतं.

'खणखणपूरचा राजा' या लोकनाट्यातलं दादांचं काम वसंत सबनीसांना आवडलं. पुढे दादांनी स्वतःची नाटक कंपनी काढली आणि सबनीसांकडेच नवा वग मागितला. तो म्हणजे 'विच्छा माझी पुरी करा', ऊर्फ 'छपरी पलंगाचा वग'. गोष्ट साधी. कोतवालाची जागा रिकामी होते. ती मिळायला हवी हवालदाराला, पण वशिल्यानं भलत्याचीच वर्णी लागते. मग मैनावती त्या नव्या कोतवालाला असा काही नादाला लावते की तो थेट राजाचा पलंग पळवायला निघतो. भरतीतला वशिला, साहेबाची मर्जी, खालच्याची चरफड. आजच्या पेपरात टाकली तरी बातमी ताजी वाटेल.

या लोकनाट्याचे १,५०० च्या वर प्रयोग झाले. गाव बदललं की दादांचे संवाद बदलायचे, त्या दिवशीची बातमी वगात यायची. वडिलांनी तालुक्याच्या गावी तो प्रयोग पाहिला होता. ते सांगायचे, "दादा काय बोलला ते आता आठवत नाही. पण तो नुसता उभा राहिला, ढोलकीवाल्याकडे बघितलं, ढोलकीवाल्यानं एकच थाप मारली आणि सगळं पटांगण हसलं."

एक थाप आणि सगळं पटांगण. तमाशाचं गणित त्यातच आहे.

तमाशा उभा राहतो तो वाद्यांवर. आधी ढोलकी आणि हलगी. हलगी विस्तवावर शेकून ताणायची, मग ती कडाडते. जोडीला तुणतुणं, झांज, कडं. मग गण, मग गवळण. गवळणीत पेंद्या आणि मावशी येतात, तिथून हसण्याची सुरुवात. पुढे बतावणी आणि शेवटी वग. या सगळ्यात ढोलकीवाला मागं उभा असला तरी तो निम्मा नट असतो. सोंगाड्या अडखळला की तो थाप देतो. सोंगाड्या पडला की जमिनीवर अंग आपटायच्या क्षणालाच ढोलकी वाजते. सोंगाड्यानं प्रश्न टाकला की कधी उत्तर ढोलकीच देते. आणि लोक हसत असतील तर ढोलकी थांबते, हसणं ओसरेपर्यंत वाट बघते. सोंगाड्याची नजर पब्लिकवर, ढोलकीवाल्याची नजर सोंगाड्याच्या पायावर. अशी जोडी जमायला वर्षं लागतात.

दादू इंदुरीकरांचा 'गाढवाचं लग्न'मधला सावळ्या कुंभार घ्या, किंवा कवलापूरच्या काळू-बाळू या जुळ्या भावांची हवालदारांची जोडी घ्या. ही माणसं अंगानं बोलायची आणि अंगाला ताल लागतो.

यात एक गंमतही आहे. आपल्या राज्यात रंगमंचावर काही सादर करायचं तर संहिता आधी परिनिरीक्षण मंडळाकडून मंजूर करून घ्यावी लागते. मंडळ वाचणार कागद. पण भुवई किती उडवायची, थाप पडल्यावर कंबर कुठल्या बाजूला जाणार, हे कुठल्या पानावर लिहिणार? कागदावर सोज्वळ असलेलं वाक्य ढोलकीसोबत वेगळंच होऊन बाहेर पडायचं. दादांचा दुहेरी अर्थ खरा इथला आहे, तमाशाच्या मातीतला. सगळाच चांगला होता असं मी म्हणणार नाही. काही विनोद बायकांच्या अंगावर बेतलेले होते, ते आज खटकतात आणि खटकायलाच हवेत. पण वशिला, हवालदार, राजा यांच्यावरचा जो विनोद होता, तोही याच वाटेनं आला होता.

पुढचं सगळ्यांना माहीत आहे. आशा भोसले यांनी दादांचं नाव भालजी पेंढारकरांना सुचवलं आणि १९६९ मध्ये 'तांबडी माती' आला. १९७१ मध्ये दादांनी स्वतःचा 'सोंगाड्या' काढला, लेखन पुन्हा सबनीसांचंच. दादरच्या कोहिनूर थिएटरचा वाद झाला, बाळासाहेब ठाकरे मध्ये पडले, आणि पिक्चर असा चालला की मराठी सिनेमाचा धंदाच बदलला. पुढे लागोपाठ नऊ चित्रपटांच्या रौप्यमहोत्सवाची गिनीज बुकात नोंद झाली. १४ मार्च १९९८ ला दादा गेले.

पण बघा, पहिल्या पिक्चरला नाव काय दिलं त्यांनी? 'सोंगाड्या'. पैसा सिनेमानं दिला, ओळख मात्र फडाचीच लावली. तमाशाच्या नादी लागलेल्या भोळ्या नाम्याची ती गोष्ट.

आता परत यात्रेकडे येतो. तमाशाचा हंगाम दसऱ्यापासून उन्हाळ्यापर्यंत. नारायणगावला फडांच्या राहुट्या पडतात, गावोगावच्या यात्रा कमिट्या तिथे जाऊन सुपारी देतात. २०२० आणि २०२१ मध्ये कोरोनामुळे यात्राच झाल्या नाहीत. दोन हंगाम रिकामे गेले, कर्जं झाली. त्यातून जे फड उभे राहिले, त्यांच्यासमोर आता आपण डीजे आणून ठेवलाय.

एका फडातल्या जुन्या ढोलकीवाल्या काकांशी मागं बोलणं झालं होतं. मी विचारलं, काका, ट्रॅकवर सोंगाड्या का चालत नाही? ते म्हणाले, "ट्रॅक थांबत नाही ना साहेब. माणसं हसली तरी तो पुढं जातो."

मोबाईलवर विनोद मिळतो म्हणणाऱ्या त्या पोराला हे सांगायचं राहून गेलं. मोबाईलवरचा विनोद तुमच्यासाठी थांबत नाही. आपल्या गावच्या खड्ड्याचं, आपल्या गावच्या सरपंचाचं नाव त्यात येत नाही. सोंगाड्या संध्याकाळी गावात यायचा, चहाच्या टपरीवर दोन गोष्टी ऐकायचा आणि रात्री त्या सगळ्या गावासमोर, पुढाऱ्यांसमोर, ढोलकीच्या थापेवर बाहेर काढायचा. पुढारी पहिल्या रांगेत बसून हसायचे, कारण न हसून सांगतात कुणाला? आम्ही पत्रकार वर्षभरात जे लिहायला धजत नाही, ते तो एका रात्रीत बोलून जायचा. आणि कुणी डोळे वटारले तर म्हणायचा, सोंग होतं हो!

तो माणूस यात्रेतून गेला तर नुसती करमणूक जाणार नाही. गावातली एक विचारणारी जागा जाईल.

यात्रेला अजून तीन आठवडे आहेत. डीजेचा ॲडव्हान्स अजून दिलेला नाही, मी चौकशी केली. दोन रात्रींपैकी एक रात्र तमाशाला द्या, एवढंच म्हणणं आहे. खर्च जास्त येतो हे मान्य, वर्गणीत माझं नाव आधी लिहा. कमिटीची पुढची बैठक रविवारी सकाळी दहाला मारुतीच्या देवळात आहे. ज्यांना पटतंय त्यांनी या. नुसता लाईक नको.