पायासीचा चोर, लायब्निझची गिरणी

दीघनिकायातील तेविसावे सुत्त 'पायासी सुत्त' या नावाने ओळखले जाते. कोसल देशातील सेतव्या हे नगर राजा पसेनदीने पायासी नावाच्या क्षत्रिय प्रमुखाला इनाम दिलेले होते. परलोक नाही, आईबापांवाचून आपोआप जन्मणारे जीव नाहीत आणि बऱ्यावाईट कर्मांचे फळही नाही, असे या पायासीचे मत होते. एके दुपारी माडीवर विश्रांतीला गेलेला असताना लोक थव्याथव्याने नगराबाहेरील शिंसपावनाकडे निघालेले त्याने पाहिले. तेथे कुमार कस्सप हा भिक्षू उतरला होता. पायासीही निघाला. सुत्ताचा बहुतेक भाग म्हणजे या दोघांमधला वाद आहे.

भारतीय जडवादाचा विषय आपल्याकडे निघाला की बोलणे चार्वाकावर जाते, आणि चार्वाकावरचे बोलणे सहसा कर्ज काढून तूप पिण्याच्या पलीकडे जात नाही. पायासीकडे पाहिले तर हा विषय वेगळ्याच रूपात समोर येतो. 'मी मानत नाही' एवढ्यावर तो थांबत नाही. आपण काय काय करून पाहिले ते सांगतो. दुराचारी आप्तांना त्यांच्या अखेरच्या आजारात त्याने विनवले होते की नरकात गेलात तर परत येऊन मला सांगा. सदाचारी आप्तांना स्वर्गाबद्दल तेच सांगितले होते. 'बरे आहे' म्हणून सगळे गेले. कोणीही आले नाही, कोणी निरोपही धाडला नाही. कस्सपाचे उत्तर असे : वधस्थानी नेल्या जाणाऱ्या चोराने घरच्यांना भेटून येतो म्हटले तर वधिक त्याला सोडतील काय? आणि शौचकूपात गळ्यापर्यंत बुडालेल्या माणसाला बाहेर काढून, न्हाऊमाखू घालून, माडीवर बसवले, तर तो पुन्हा त्या कूपात उतरू इच्छील काय? शिवाय आपली शंभर वर्षे म्हणजे देवलोकातला एक दिवस. 'हे तुला कोणी सांगितले?' असे पायासी विचारतो. माझ्या मते संपूर्ण सुत्तातला हा सर्वांत नेमका प्रश्न आहे. त्यावर कस्सप जन्मांधाचा दाखला देतो : आपल्याला दिसत नाहीत म्हणून रंगच नाहीत, असे तो म्हणू लागला तर?

यानंतर पायासी आप्तांना सोडून अपराध्यांकडे वळतो आणि वादाला भीषण रूप येते. पकडून आणलेल्या चोराला जिवंतपणीच मोठ्या कुंभात घालून त्याचे तोंड बंद करवले, वर ओले कातडे ताणून मातीचा जाड लेप दिला आणि कुंभ चुलीवर चढवला. चोर मेल्याची खात्री पटल्यावर कुंभ उतरवून हळूच उघडला. जीव बाहेर पडताना दिसतो का ते पाहिले. दिसला नाही. दुसऱ्या चोराला जिवंतपणी तोलले, धनुष्याच्या दोरीने गळा आवळून मारले आणि पुन्हा तोलले. जिवंतपणी तो हलका व लवचीक होता, मेल्यावर जड आणि ताठ झाला. काही निघून गेले असते तर वजन घटायला नको होते काय? आणखी एकाची कातडी, मांस, स्नायू, हाडे, मज्जा क्रमाने उकलून पाहिली. जीव कोठेही सापडला नाही.

कस्सप यांतला प्रत्येक प्रयोग दुसऱ्या एका प्रयोगाने खोडतो. फरक एवढाच की त्याचे प्रयोग करावे लागत नाहीत, कल्पावे लागतात. तू दुपारी झोपतोस, स्वप्नात रम्य उद्याने पाहतोस. तेव्हा भोवतीच्या दासींना तुझा जीव जाता-येताना दिसतो काय? लोखंडाचा गोळा दिवसभर तापवला तर हलका आणि मऊ होतो ना? आज ज्याला 'विचारप्रयोग' म्हणतात, म्हणजे मनातल्या मनात परिस्थिती उभी करून 'आता काय म्हणाल?' असे विचारण्याची जी रीत, तिचा हा फार जुना नमुना आहे.

हीच चौकट जैनांच्या 'रायपसेणिय' सूत्रातही आढळते. तेथे राजा पएसी आहे आणि त्याला उत्तरे देणारा केशी हा पार्श्वनाथपरंपरेतला श्रमण आहे. बंद पात्रातला चोर आहे, तराजू आहे, शरीर चिरून पाहणेही आहे. पण तराजूचा काटा वेगळे सांगतो. जैन पाठात जिवंत आणि मृत चोराचे वजन सारखेच भरते, आणि त्यावर केशी हवेने फुगवलेल्या व रिकाम्या कातडी पिशवीचा दाखला देतो : दोहोंचे वजन एकच, म्हणून आत हवा नव्हती म्हणाल काय? बंद पात्रातून जीव गेला कसा, याचे त्याचे उत्तर नादाचे आहे. दारे घट्ट लावलेल्या घरात नगारा वाजवला तर आवाज कोठलीही फट न पाडता बाहेर येतोच.

तराजूचा काटा पाठागणिक बदलतो, ही गोष्ट मला महत्त्वाची वाटते. पायासीचे प्रयोगही मुळात कथेतलेच आहेत. त्या तराजूत कोणाला प्रत्यक्ष तोलले होते असे मानायला आधार नाही. जैन मतात जीव हे अमूर्त पण खरे द्रव्य आहे, म्हणून केशीला आत असणारे आणि बाहेर पडणारे काहीतरी दाखवायचे आहे : नाद, हवा, लोखंडात शिरणारा अग्नी. बौद्धांची अडचण निराळी. ज्याला नित्य आत्मा मान्य नाही असा भिक्षू 'जीव दिसत नाही' म्हणणाऱ्याशी भांडतो आहे. स्वप्नाच्या दाखल्यात कस्सपाने पायासीची भाषा तात्पुरती उसनी घेतली आहे हे उघड आहे. वजनाचा प्रयोग पुढे खरोखरच झाला. मॅसॅच्युसेट्समधील डंकन मॅकडूगल या डॉक्टरने सहा मरणासन्न रुग्ण तराजूवर ठेवले आणि १९०७ मध्ये निष्कर्ष छापले. एका रुग्णाचे वजन पाऊण औंसाने, म्हणजे सुमारे २१ ग्रॅमने घटले. बाकीच्यांची मापे एकमेकांशी जुळली नाहीत. लोकांच्या लक्षात मात्र ते २१ ग्रॅमच राहिले. काटा पुन्हा एकदा पाहणाऱ्याला हवा तेथे थांबला. असो.

खरा प्रश्न वजनाचा नाहीच. 'पाहिले, दिसले नाही' यावरून काय सिद्ध होते, हा तो प्रश्न आहे. छांदोग्य उपनिषदाच्या सहाव्या अध्यायात उद्दालक श्वेतकेतूला वडाचे फळ फोडायला लावतो, मग त्यातली बी फोडायला लावतो. काय दिसते? काहीच नाही. त्या न दिसणाऱ्या सूक्ष्मातूनच हा वड उभा आहे, असे उद्दालक सांगतो. पायासीने फोडले, काही दिसले नाही आणि तो 'नाही' म्हणाला. उद्दालकाने फोडले, काही दिसले नाही आणि तो 'आहे' म्हणाला. (याच अध्यायात उद्दालकाने मुलाला पंधरा दिवस उपाशी ठेवून वेद म्हणायला सांगितले आहेत. त्याला काही आठवेना. जेवल्यावर सारे आठवले. म्हणजे मन अन्नमय. हा प्रसंग पायासीला नक्कीच आवडला असता.) पुढे सातव्या शतकात धर्मकीर्तीने या कोड्याला तार्किक शिस्त लावली. जी वस्तू असती तर दिसलीच असती, तिचेच न दिसणे अभाव सिद्ध करते; जी मुळात दिसण्याजोगी नाही, तिच्या न दिसण्यातून फार तर संशय निघतो. ही कसोटी लावली तर पायासी हरत नाही आणि जिंकतही नाही. डोळ्यांना दिसेल अशा जीवाविरुद्ध त्याचा पुरावा भक्कम आहे. पण तसा जीव कोण मानत होते?

आता युरोपात जाऊ. कारण हाच 'आत शिरून पाहण्याचा' प्रयोग तेथे तिसऱ्याच निष्कर्षासाठी वापरला गेला. लायब्निझने १७१४ मध्ये चिदणूंविषयी एक छोटा निबंध लिहिला. नव्वद परिच्छेदांच्या या निबंधातल्या सतराव्या परिच्छेदात तो म्हणतो, की विचार करणारे, संवेदना असणारे एखादे यंत्र आहे अशी कल्पना करा. आता प्रमाण कायम ठेवून ते इतके मोठे करा की गिरणीत शिरावे तसे त्यात शिरता येईल. आत काय दिसेल? एकमेकांना ढकलणारे भाग. संवेदनेचा उलगडा करील असे काहीही दिसणार नाही. म्हणून संवेदना यंत्रात शोधू नये, निरवयव द्रव्यात शोधावी. हा माणूस यंत्रांना बिचकणारा नव्हता. चारही गणिती क्रिया करू शकेल असे गणनयंत्र त्याने स्वतः योजले होते आणि १६७३ मध्ये त्याचा नमुना लंडनच्या रॉयल सोसायटीत दाखवला होता. यंत्राच्या पोटात काय असते हे तो जाणून होता, म्हणूनच गिरणीचे चित्र इतके पटते.

पायासी शरीरात शिरला. जीव दिसला नाही, म्हणून जीव नाही असे त्याने म्हटले. लायब्निझ यंत्रात शिरला. संवेदना दिसली नाही, आणि ती जडाची नव्हेच असे त्याने ठरवले. निरीक्षण एकच आहे, निष्कर्ष दोन टोकांचे आहेत.

या दोघांनाही उत्तर ठरू शकतील असे दोन दृष्टांत कस्सपाकडे आहेत, आणि सुत्ताचे खरे वैभव मला त्यांतच दिसते. पहिला शंखाचा. एका गावात शंख फुंकणारा येतो. तो नाद कधीच न ऐकलेले गावकरी शंखाला उताणा, पालथा, उभा करतात, काठीने मारतात, 'बोल रे शंखा' म्हणून विनवतात. शंख बोलत नाही. माणूस, त्याचा प्रयत्न आणि वारा यांची जोड मिळाली की बोलतो. तसेच हे शरीर आयुष्य, ऊब आणि विज्ञान यांची जोड असेल तेव्हाच हालते, पाहते, ऐकते. दुसरा दृष्टांत अग्निपूजक जटिलाच्या पोराचा. अग्नी सांभाळ, विझला तर या अरणींतून काढ, असे सांगून जटिल गावी गेला. पोर खेळात रमले, अग्नी विझला. मग त्याने कुऱ्हाडीने अरणींचे तुकडे केले, ते उखळात कांडले, भुसा वाऱ्यावर उधळला. अग्नी काही सापडला नाही. जटिल परतला आणि त्याने अरणी घासून अग्नी काढला.

अरणीत अग्नी 'ठेवलेला' नसतो, घासल्यावर होतो. लायब्निझच्या गिरणीत हे पोर शिरले असते तर त्याला तो तत्त्वज्ञ आपला भाऊबंदच वाटला असता. १९८० मध्ये जॉन सर्ल यांनी मांडलेल्या 'चिनी खोली'च्या विचारप्रयोगावरचा एक प्रसिद्ध आक्षेपही असाच आहे. चिनी न जाणणारा माणूस खोलीत बसून नियमांच्या पुस्तकाबरहुकूम चिनी चिन्हांना चिनी चिन्हांनी उत्तरे देतो. त्याला चिनी कळत नाही, म्हणून संगणकालाही काही 'कळत' नाही, असे सर्ल यांचे म्हणणे. आक्षेपकांचे म्हणणे असे की माणसाला कळत नसेल, पण माणूस, पुस्तक आणि खोली मिळून जे काही झाले आहे त्याला कळत असेल. सर्ल यांना हे मान्य झाले नाही. सर्व नियम पाठ करून माणूस उघड्या मैदानात बसला तरी त्याला चिनी कळणार नाहीच, असे ते म्हणाले. शंखाला वारा मिळाला की नाद होतो, हे ठीक. पण तो नाद ऐकतो कोण, हा प्रश्न उरतोच.

पण मग कस्सपाने नेमके काय सिद्ध केले? तो निघाला होता परलोक सिद्ध करायला. शंख आणि अरणी सांगतात की चेतना ही जोडणीतून घडणारी घटना आहे. चार्वाकांचा मद्याचा दाखला याहून फार दूर नाही : किण्व व इतर द्रव्ये यांत सुटेपणी मद नसतो, मिश्रणात येतो. जोडणी तुटल्यावर नाद कोठे जातो, अग्नी कोणत्या लोकी जन्मतो, हे पायासीने विचारायला हवे होते. सुत्ताच्या कर्त्याने त्याला ते विचारू दिलेले नाही.

मराठीच्या विद्यार्थ्याला हे ओळखीचे वाटावे. केसोबासांच्या 'दृष्टांतपाठा'त सूत्र, दृष्टांत आणि दार्ष्टांतिक अशी रचना असते. गोष्ट कशाच्या जागी उभी आहे ते दार्ष्टांतिकात सांगितले जाते. विचारप्रयोगांची भांडणे जवळजवळ सगळी या तिसऱ्या पायरीवरची असतात. गिरणी, खोली, शंख हे सगळ्यांनाच मान्य असतात. दृष्टांताची न्यायसूत्रातली व्याख्याच मुळी अशी आहे, की सामान्य माणूस आणि परीक्षक या दोघांचेही ज्यावर एकमत असते तो दृष्टांत. ते एकमत दार्ष्टांतिकापर्यंत टिकेलच असे नाही.

एका गोष्टीचा उल्लेख राहिला. ज्या यज्ञात गाई, बकरे, कोंबड्या, डुकरे मारली जातात तो यज्ञ महाफळ देत नाही, असे कस्सप शेवटी पायासीला बजावतो. कुंभात भाजलेल्या, गळा आवळलेल्या, सोललेल्या चोरांविषयी मात्र तो सबंध वादात अवाक्षरही काढत नाही. ते दोन्ही पक्षांना केवळ उदाहरण म्हणून हवे आहेत. विचारप्रयोगात कोणी मरत नाही, हे या प्रकाराचे मोठेच पुण्य. पण तो ज्या मालिकेत जन्मला तिच्यातली पहिली माणसे नावावाचून गेली आहेत.

पायासी शेवटी शरण जातो. पहिल्याच दृष्टांताने मी संतुष्ट झालो होतो, तुझी उत्तरे ऐकण्यासाठीच वाद वाढवला, असेही म्हणतो. यावर किती विश्वास ठेवायचा ते वाचकाने ठरवावे. तो दानधर्म सुरू करतो, पण कण्या आणि जाडीभरडी वस्त्रे देतो, तीही मनापासून नाही. मरणानंतर तो सेरिस्सक नावाच्या ओसाड देवविमानात जन्मतो. तेथे विश्रांतीला येणाऱ्या गवंपती या भिक्षूला तो सांगतो : मनुष्यलोकी जाऊन लोकांना सांगा, की दान आदराने, आपल्या हाताने द्यावे, पायासी तसे देत नव्हता, म्हणून असा एकटा पडला आहे. गवंपती खाली येतो आणि तो निरोप पोहोचवतो.